दुपारी गप्प बसणारा मोर

सेल संपत आला की घड्याळाचा सेकंदकाटा नऊच्या आकड्यापाशी अडकतो. तिथे तो आडवा असतो, त्याला वर उचलायला सगळ्यांत जास्त जोर लागतो, आणि थकलेल्या सेलपाशी तेवढा जोर नसतो. काटा जरासा उठतो, खाली येतो, पुन्हा उठतो. तो थांबलेला नसतो आणि चाललेलाही नसतो.

आमच्या कारखान्याचे मालक वालजीबापा यांना काही ठरवायला सांगितलं की त्यांची मान अशीच हलायची. अर्धी होकाराकडे जायची, परत यायची, आणि तोंडातून एवढंच निघायचं, "बघू." मुलगी पसंत आहे का, असं त्यांना तरुणपणी विचारलं तेव्हाही ते "बघू" म्हणाले होते. मुलीच्या वडिलांनी तोच होकार समजून मांडव घातला. ही हकिकत त्यांच्या पत्नी जीवीबा स्वतःच सांगतात. त्यांच्या मते बापांनी अजून होकार दिलेला नाही.

निरांत, म्हणजे आमच्या भाषेत निवांतपणा, या नावाचं घड्याळ काढायचं मात्र बापांनी एका दमात ठरवलं होतं. दर पंधरा मिनिटांनी मोर ओरडणारी घड्याळं तेव्हा आमच्या रूपावटीत तीन कारखाने बनवत होते. रात्री अंधार झाला की ती गप्प बसत, त्यासाठी आत उजेड ओळखणारा एक छोटा डोळा असतो. पण दुपारचं काय? सौराष्ट्रात एक ते चार माणूस झोपलेला असतो. दुकानाचं शटर खाली, ओसरीवरचा झोपाळा हलायचा बंद, कुत्री नळाखालच्या ओल्या जागेत. एखाद्याला मरायचं असलं तरी तो चहापर्यंत थांबतो, असं आमच्याकडे म्हणतात. अशा वेळी भिंतीवरचा मोर दर पाव तासाने किंचाळणार म्हणजे जुलूमच. म्हणून दुपारी एक ते चार आपणहून गप्प बसणारा मोर काढावा, असं बापांच्या मनात आलं. रूपावटीच्या माणसालाच ते सुचू शकतं.

मी पदार्थविज्ञान शिकलेली. कारखान्याची तपासणीची खोली माझ्याकडे आहे. घड्याळातली चिप राजकोटहून बनून आली. डोळ्यामुळे तिला रात्र कळते, पण सकाळ-दुपार कळत नाही, सेल घातल्यापासून किती वेळ गेला तेवढंच कळतं. सेल घातल्यावर तासाभराने ती मोराचं तोंड बंद करते, तीन तासांनी उघडते, आणि दुसऱ्या दिवशी त्याच वेळी पुन्हा बंद करते. म्हणून खोक्यावर ठळक छापलं होतं : सेल दुपारी बरोबर बारा वाजता घालावा.

कारखान्यात आम्ही बारालाच घालत असू. जेवणासाठी लाइन थांबे, तेव्हा लाइनीवरच्या लाभुबेन आणि इतर बायका जाता जाता पॅकिंगच्या खोलीतल्या तपासणीच्या भिंतीवरच्या शंभर घड्याळांत सेल टाकून जात. एकला शंभर मोर गप्प. चारला शंभर मोर एकदम सुरू. त्यात कधी चूक सापडली नाही.

या नव्या घड्याळासाठी बापांनी आसपासच्या खेड्यांतल्या चाळीस बायका घेतल्या, त्यांना आणायला बस लावली. दिवाळीला सगळ्या कामगारांना मिठाईबरोबर एकेक निरांत दिलं. नातेवाईक, बँक, शाळा, पंचायत, सगळीकडे एकेक गेलं. उरलेला माल राजकोट-जामनगरच्या दुकानांत गेला आणि हातोहात संपला.

आता, दिवाळीत आलेली नवी वस्तू आमच्याकडे केव्हा सुरू करतात? लाभपांचमीला. दिवाळीनंतरची ही मुहूर्ताची पंचमी त्या वर्षी सोमवारी आली होती, आणि सोमवारी भर बाराला चौघडियात, म्हणजे दिवसाच्या दीड-दीड तासाच्या शुभ-अशुभ वेळांत, 'रोग' असतो. खोक्यावरची सूचना वाचून लोक हळहळले. एवढी मोठी कंपनी, पण पंचांग बघणारं कोणी ठेवलेलं नाही. मग ज्याने त्याने आपापल्या समजुतीप्रमाणे कंपनीची चूक सुधारून घेतली. कोणी सकाळी 'अमृत' धरून सेल घातला, कोणी जरा उशिरा 'शुभ' धरून, आणि ज्यांचा नाश्ता लांबला त्यांनी चहाच्या वेळचा 'लाभ' धरला.

त्या दुपारी जेवून लोक आडवे झाले आणि रूपावटीत मोर ओरडला.

आमच्याकडे प्रत्येक घरचं घड्याळ थोडं पुढे असतं, कोणाचं दोन मिनिटं, कोणाचं सात. त्यामुळे मोर एकदम ओरडला नाही. तो तळ्याच्या बाजूच्या पहिल्या घरात ओरडला, मग शेजारी, मग समोर, आणि एखादी बातमी पसरावी तसा गल्लीतून वर चढत गेला. देवळापर्यंत पोचून शांत होतोय तोवर तळ्यापाशी पुढचा पाव तास भरत आला. तिसऱ्या फेरीला शेतातले खरे मोर उत्तर देऊ लागले. चौथ्या फेरीला ते बघायला आले. शाळेच्या कौलांवर नऊ-दहा मोर मान वाकडी करून बसले होते, आणि खाली हेडमास्तर बनियनवर उभे राहून त्यांना विनंती करत होते.

मी आठवडाभर घरोघर जाऊन विचारलं, सेल कधी घातला. अमृतवाल्यांचा मोर सकाळी भाजीवाल्याच्या आरोळ्यांत गप्प बसे, त्याचा कोणाला उपयोग नव्हता. लाभवाल्यांचा मोर संध्याकाळी आरतीला मौन पाळे. सगळ्यांत वाईट हाल शुभवाल्यांचे. त्यांचा मोर दुपारी दोनपर्यंत गप्प राही, गाढ झोप लागू देई आणि मग उठवी.

मी लाभुबेनना म्हटलं, साधी गोष्ट आहे, सेल काढा आणि बाराला परत घाला. लाभुबेन लाइनीच्या मुख्य, वयाने माझ्या आईएवढ्या. त्यांनी माझ्याकडे अशा नजरेने पाहिलं की जणू मी त्यांच्या घराचा दिवा फुंकायला सांगितला होता.

"लाभपांचमीला सुरू केलेलं घड्याळ बंद करू? बेन, तुम्ही शिकलेल्या आहात, तुमचं ठीक आहे. माझा सासरा ब्याऐंशीचा आहे. उद्या तो खोकला, तरी घरात सगळे माझ्याकडेच बघतील."

हेच सगळ्यांचं म्हणणं होतं. पुढच्या दिवाळीपर्यंत घड्याळ थांबवायचं नाही, आणि भर दिवसा त्याचा डोळा झाकून रात्रही करायची नाही. काहींनी डोळा तेवढा उघडा ठेवून त्याला गोधडीत गुंडाळलं, आतून तो आणखी करुण ओरडू लागला. न्हाव्याने विहिरीत सोडला, बादलीत ठेवून, सांभाळून. विहिरीने त्याचा आवाज असा घुमवला की दोन गल्ल्या त्याच्याशी बोलेनाशा झाल्या.

मी उपाय शोधून काढला. घड्याळाच्या पाठीला एक छोटं बटण लावायचं. दुपारी जेवून झालं की दाबायचं, तिथून तीन तास मोर गप्प. सोल्डरिंग करताना दुसरा सेल बाहेरून तारेने जोडून ठेवला की घड्याळ क्षणभरही थांबत नाही, म्हणजे मुहूर्तही शाबूत. पण ते काम घरी होण्यासारखं नव्हतं. विकलेली सगळी घड्याळं कारखान्यात परत आणावी लागणार होती.

बापांनी सगळं नीट ऐकून घेतलं. बटण पाहिलं, दाबलं, पुन्हा दाबलं. मग म्हणाले, "सूचना तर आपण लिहिली होती ना?"

मी म्हटलं, लिहिली होती, पण ती पाळणारं गाव आपण पाहिलेलं नव्हतं. आणि तुमच्या घरी तरी कुठे पाळली? जीवीबांनी 'अमृत' धरलं होतं. बापांची मान होकाराकडे गेली आणि परत आली.

त्यांची अडचण मला कळत होती. अहमदाबादचे सुबोधभाई हे मोठे व्यापारी, गुजरातभर त्यांची दुकानं. ते निरांतचा सगळा माल वर्षभर उचलायच्या गोष्टी करत होते. घड्याळं परत मागवली असं त्यांच्या कानावर गेलं तर ते हात आखडते घेणार. मग चाळीस बायकांची लाइन बंद, बस बंद. या बायकांना घरून सोडवून आणायला बापा स्वतः त्यांच्या सासऱ्यांपुढे जाऊन बसले होते. एकीकडे त्यांची नोकरी, दुसरीकडे त्यांचीच झोप. लाभुबेनना मी विचारलं, तुम्हाला काय हवं? त्या म्हणाल्या, मला दोन्ही हवं, आणि ते कसं द्यायचं ते मालकाने बघावं, म्हणून तर तो मालक.

मालक बघत होते. कार्तिक गेला, मार्गशीर्ष गेला, उत्तरायणाचे पतंग उडून झाले. बापा बघतच होते.

आणि मग लोकांनी आपली सोय केली.

पहिल्यांदा लाभुबेनचा सासरा आला. दुपारी जेवणानंतर बगलेत गोधडी घेऊन तो कारखान्याच्या दारात उभा राहिला. रखवालदाराला म्हणाला, तुमच्या भिंतीवरची शंभर घड्याळं एक ते चार ओरडत नाहीत, असं सून सांगते. त्याने पॅकिंगच्या मोठ्या खोलीत खोक्यांचा पुठ्ठा पसरला आणि घोरू लागला. दुसऱ्या दिवशी तो दोन मित्रांना घेऊन आला. आठवड्याने न्हावी आला, लोकांची क्षमा मागून. मग हेडमास्तर, मग बँकेचा कॅशियर, तिजोरीच्या किल्ल्या उशाखाली घेऊन. समोरच्या कारखान्याचा मालक, जो पंधरा वर्षं आमची डिझाइनं चोरत होता, तोही आला आणि म्हणाला, आज मी फक्त झोपायला आलोय. फाल्गुन लागेपर्यंत अर्धं रूपावटी आमच्या पॅकिंगच्या खोलीत झोपत होतं. पुरुष खोक्यांच्या या बाजूला, बायका त्या बाजूला, मध्ये थर्माकोलची भिंत. घोरण्याच्या लयीने थर्माकोलचे बारीक दाणे वर उठत आणि खाली बसत, तो देखावा मी पुष्कळ वेळा पाहिला आणि दर वेळी मला हसू आलं. चारला शंभर मोर एकदम ओरडत, सगळं गाव धडपडून उठे आणि चहा मागे. चहा आम्हीच देत असू. वर गांठियाही द्यायला लागलो, कारण पाहुण्याला नुसता चहा कसा द्यायचा.

कोणी भांडलं नाही, कोणी तक्रार लिहून दिली नाही. लोक रोज येत, बापांना रामराम करत आणि झोपत. बापा काचेच्या केबिनमधून हे पाहत बसत. त्यांना स्वतःला झोप लागेनाशी झाली होती.

शेवटी जीवीबा आल्या, हातात उशी. पंचेचाळीस वर्षांच्या संसारात त्या कारखान्यात पहिल्यांदाच आल्या होत्या. बापांनी घाईघाईने खुर्ची पुढे केली. जीवीबा बसल्या नाहीत. घरी मोर झोपू देत नाही, एवढंच त्यांनी सांगितलं आणि थर्माकोलच्या पलीकडे लाभुबेनशेजारी जाऊन आडव्या झाल्या. आडवं होता होता म्हणाल्या, "घरी तुमचा मोर फार बोलतो, आणि इथे तुम्ही अजिबात बोलत नाही. म्हटलं, इथेच बरं."

थर्माकोलमागून बायकांचं दाबलेलं हसू ऐकू आलं. बापा कानाच्या पाळीपर्यंत लाल झाले. तरी म्हणाले, बघू.

होळीच्या आधी सुबोधभाई अहमदाबादहून आले. अहमदाबादचा माणूस दुपारी झोपत नाही, त्यामुळे दुसऱ्याच्या दारी केव्हा जाऊ नये हे त्याला माहीत नसतं. ते भर दोन वाजता पोचले. गावात एकही माणूस दिसेना. प्रत्येक घरातून मोर मात्र ओरडत होता, पण आपण सौराष्ट्रातल्या खेड्यात आलोय, इथे मोर असायचेच, असं त्यांनी धरलं. मी त्यांना केबिनकडे नेत होते, तेवढ्यात पॅकिंगच्या खोलीचं दार उघडं दिसलं आणि ते उंबऱ्यावरच थबकले.

आत तीनशे माणसं झोपली होती. भिंतीवर शंभर निरांत, एकही आवाज न करता चाललेली.

सुबोधभाईंनी बूट काढले. आपण देवळात आलोय असं त्यांना वाटलं असावं. चवड्यांवर चालत ते बापांच्या टेबलापर्यंत आले आणि कुजबुजत म्हणाले, "बापा, हे काय आहे?"

बापांनी तोंड उघडलं. पण सुबोधभाईंना उत्तर नकोच होतं, ते त्यांचं त्यांना सापडलं होतं. अर्धं गाव घर सोडून या घड्याळाखाली झोपायला येतं, ते म्हणाले. चाळीस वर्षं धंद्यात आहे, पण मालाची अशी परीक्षा पाहिली नाही. त्यांनी मोबाइल काढून फोटो घेतले, घोरणाऱ्या हेडमास्तरांचा वेगळा घेतला. हाच फोटो सगळ्या दुकानांत लावायचा, म्हणाले, खाली एक शब्द लिहायची गरज नाही. मग माझ्याकडे वळून त्यांनी विचारलं, बेन, तुम्ही तपासणी बघता, तुमचं मत काय?

मी सांगितलं, "या भिंतीवरच्या घड्याळांत सेल बरोबर बाराला घातलेला आहे."

हे अक्षर न अक्षर खरं होतं. आणखी सांगावं की नाही हे ठरवायला मी बापांकडे पाहिलं, कारण सांगण्याचा पहिला हक्क त्यांचा होता. सुबोधभाई खुशीत कुजबुजणं विसरून म्हणाले, वा, काय शिस्त आहे. आणि त्यांनी टेबलावर बोट टेकवून सांगितलं की वर्षाचा नाही, तीन वर्षांचा करार करू, आणि माल दुप्पट. बापांना आणखी चाळीस बायका घ्याव्या लागतील.

चहा आला. बापांनी तो बशीत ओतला आणि बशी ओठांपाशी नेऊन तशीच धरली.

मी त्यांना वीस वर्षं ओळखते. खरं सांगायची वेळ आली की ते पुढे ढकलू शकत, आणि त्यासाठी आजवर त्यांना खोटं बोलावं लागलं नव्हतं. आजही बोलावं लागणार नव्हतं. खोटं आपणहून बूट काढून आत आलं होतं आणि समोरच्या खुर्चीवर बसलं होतं. त्यांनी फक्त चहा प्यायचा होता. खोलीतली तीनशे माणसं झोपेतच साक्ष देत होती.

त्यांची नजर काचेतून थर्माकोलच्या भिंतीपलीकडे गेली. लाभुबेन जाग्या होत्या. कोपरावर उठून त्या आमच्याकडे बघत होत्या, आणखी चाळीस बायकांचं त्यांनी ऐकलं होतं. त्यांची धाकटी जाऊ दोन महिन्यांपासून कामाला लावा म्हणून मागे लागली होती. बापांनी त्यांच्याकडे पाहिलं, बराच वेळ. लाभुबेननी मान हलवली नाही, होकाराला नाही आणि नकारालाही नाही. त्या पुन्हा आडव्या झाल्या, त्यांनी पदर तोंडावर ओढला आणि डोळे मिटले.

"मग, बापा?" सुबोधभाई कुजबुजले. "हो समजू?"

बापांची मान होकाराकडे जाऊ लागली. मान अर्ध्यावर थांबली. त्यांनी बशी खाली ठेवली आणि ते उभे राहिले. केबिनचं अर्धं उघडं दार ढकलून ते पॅकिंगच्या खोलीत गेले, झोपलेल्या माणसांच्या मधोमध. सुबोधभाई अनवाणी त्यांच्या मागोमाग, आणि मी त्यांच्या मागे.

बापा बोलले ते कुजबुजत नाही. दुपारी दोन ते तीनच्या मध्ये रूपावटीत कोणी एवढ्या मोठ्याने बोलल्याचं मला आठवत नाही. पहिल्या शब्दाला न्हावी उठून बसला, दुसऱ्याला कॅशियरने उशी छातीशी धरली, आणि वाक्य संपेपर्यंत सगळी खोली केस विस्कटलेली, गालांवर पुठ्ठ्याचे वळ उठलेली, त्यांच्याकडे पाहत होती. जीवीबा सावकाश उठल्या. त्यांच्या चेहऱ्यावर आश्चर्य होतं, आणि मांडवात बसलेल्या मुलीसारखा एक लाजरा आनंदही.

"सुबोधभाई, हे लोक माझं घड्याळ चांगलं म्हणून इथे आलेले नाहीत. घरचं घड्याळ झोपू देत नाही म्हणून आलेत. आमच्या लोकांनी सेल चौघडिया बघून घातला. ते घालणारच. जन्मभर यांच्यात राहून मला ते कळायला हवं होतं. तेव्हा चूक त्यांची नाही, माझी आहे." त्यांनी दम घेतला. मला वाटलं आता 'बघू' येणार. "तुम्ही करार करा किंवा करू नका, मी अडवत नाही. ही लाइन बंद होणार नाही, हिला उद्यापासून काम आहे. विकलेलं एकूणएक निरांत मी परत मागवतोय, बटण लावून, चालू ठेवून, ज्याचं त्याच्या घरी पोचवणार."